हृदयोपचारांचे फलित आणि राष्ट्रीय चिकित्सा-लेखापरीक्षण : महाराष्ट्राच्या संदर्भात एक विवेचन

बीजसंज्ञा : चिकित्सा-लेखापरीक्षण, हृदयविकार, जोखीम-समायोजन, जन आरोग्य योजना, मराठवाडा

प्रस्तावना

राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना २ जुलै २०१२ रोजी महाराष्ट्रातील आठ जिल्ह्यांत सुरू झाली. त्या आठांमध्ये मराठवाड्यातील नांदेड हा एकच जिल्हा होता. २१ नोव्हेंबर २०१३ पासून योजना राज्यभर लागू झाली, २०१७ मध्ये तिला महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना हे नाव मिळाले आणि २०२० मध्ये ती केंद्राच्या आयुष्मान भारत योजनेशी जोडली गेली. पिवळ्या व केशरी शिधापत्रिकेपासून सुरू झालेला हा लाभ मराठवाडा व अमरावती विभाग आणि वर्धा मिळून चौदा जिल्ह्यांतील शुभ्र शिधापत्रिकाधारक शेतकऱ्यांपर्यंतही पोहोचला. ज्या कुटुंबाला अँजिओप्लास्टी हा शब्द उच्चारतानाही जमिनीचा तुकडा डोळ्यांसमोर येत असे, त्या कुटुंबातील माणूस आज स्टेंट बसवून घरी परततो. ही गोष्ट लहान नव्हे.

या योजनेतील प्रत्येक रुपयाचा हिशेब राहतो. पूर्वमंजुरी कधी मिळाली, कोणती चाचणी झाली, कोणते पॅकेज लावले, दावा केव्हा मंजूर झाला, हे सारे संगणकावर नोंदले जाते. जनतेसमोर येणाऱ्या आकडेवारीतही किती उपचार झाले आणि किती रक्कम अदा झाली यांवर भर असतो. परंतु उपचारानंतर तीस दिवसांनी त्या रुग्णांपैकी किती हयात होते, आणि ते प्रमाण रुग्णालयागणिक कसे बदलते, हे त्या आकडेवारीत येत नाही. भारतात सर्व रुग्णालयांना बंधनकारक असे हृदयोपचारांचे राष्ट्रीय लेखापरीक्षणही नाही. प्रस्तुत लेखात या उणिवेचे स्वरूप आणि ती दूर करण्याची शक्यता यांचा विचार केला आहे.

विषयाकडे वळण्याचे कारण वैयक्तिकही आहे. कन्नड तालुक्यात राहणाऱ्या माझ्या एका वयस्क नातेवाइकांच्या छातीत पहाटे कळ आली. पित्त समजून त्यांनी सोडा घेतला, उजाडल्यावर गावातील डॉक्टरांकडे गेले, तेथून तालुक्याला, आणि दुपारी या शहरातील एका रुग्णालयात पोहोचले. उपचार झाला, ते वाचले. घरी परतताना हाती दिलेल्या कागदांच्या जाड पुडक्यात सर्व तपासण्या होत्या. मात्र कळ किती वाजता आली आणि पहिला ईसीजी किती वाजता निघाला, या दोन नोंदी कोठेही नव्हत्या. पुढे महिन्याभरात ‘आता कसे आहे?’ असे विचारणारा एकही फोन आला नाही. यात कोणा एकाचा दोष दाखवण्याचा हेतू नाही. हे विचारणे कोणाचे कामच नव्हते, हा खरा मुद्दा आहे.

लेखापरीक्षण : संज्ञा आणि आशय

महाविद्यालयीन प्राध्यापकांस ‘ऑडिट’ हा शब्द नवा नाही. नॅकच्या निमित्ताने आपण सर्वांनी फायली रचल्या आहेत, आणि फाईल पूर्ण असणे म्हणजे अध्यापन चांगले असणे नव्हे, हेही अनुभवाने जाणले आहे. चिकित्सा-लेखापरीक्षणाचा विचार करताना हा अनुभव हाताशी असलेला बरा.

वैद्यकीय संशोधन ‘कोणता उपचार योग्य?’ असे विचारते. लेखापरीक्षणाचा प्रश्न त्यानंतरचा आहे. जो उपचार योग्य म्हणून सिद्ध झाला आहे, तो आपल्या रुग्णाला वेळेवर मिळाला काय आणि मिळाल्यावर निष्पन्न काय झाले, हे ते तपासते. ठरलेला निकष, प्रत्यक्ष नोंद, दोहोंतील अंतर, ते कमी करण्याचा उपाय आणि पुन्हा मोजणी असे हे चक्र असते. शेवटची पायरी वगळली की लेखापरीक्षणाचा अहवाल होतो आणि अहवालाचे कपाट भरते.

कल्पना जुनी आहे. बॉस्टनमधील शल्यचिकित्सक अर्नेस्ट कॉडमन यांनी विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात प्रत्येक रुग्णाचे एक कार्ड ठेवून, शस्त्रक्रियेनंतर वर्षभराने रुग्णाची स्थिती काय आहे याची नोंद करण्याचा आग्रह धरला. समव्यावसायिकांना तो रुचला नाही. हृदयाच्या बाबतीत ही कल्पना रुजायला पाऊणशे वर्षे लागली. ती रुजली, तीही एका दुःखद प्रकरणानंतर.

ब्रिस्टलचे प्रकरण

इंग्लंडमधील ब्रिस्टल येथील रुग्णालयात लहान मुलांच्या हृदयावर शस्त्रक्रिया होत असत. १९८८ मध्ये तेथे रुजू झालेले भूलतज्ज्ञ स्टीफन बोल्सिन यांना शस्त्रक्रियांस लागणारा वेळ आणि दगावणाऱ्या बालकांची संख्या यांविषयी शंका येऊ लागली. त्यांनी वरिष्ठांना कळवले, स्वतः आकडे जमवले. पण शस्त्रक्रिया चालूच राहिल्या. अखेर प्रा. इयान केनेडी यांच्या अध्यक्षतेखाली सार्वजनिक चौकशी होऊन १९८४ ते १९९५ या काळाचा तिचा अहवाल जुलै २००१ मध्ये प्रसिद्ध झाला. १९९१ ते १९९५ या अवधीत, तत्सम अन्य केंद्रांशी तुलना करता, एक वर्षाखालील ३० ते ३५ बालके तेथे अधिक मृत्यू पावली असा तिचा निष्कर्ष होता.

या अहवालातील एक निरीक्षण आपल्या दृष्टीने फार महत्त्वाचे आहे. ब्रिस्टलमध्ये माहितीची टंचाई नव्हती. माहिती विपुल होती. शल्यचिकित्सकांच्या संघटनेची नोंदवही होती, रुग्णालयाची संगणकीय नोंद होती, शस्त्रक्रियागृहातील वह्या होत्या. ऐंशीच्या दशकाच्या अखेरीपासून प्रश्न उपस्थित व्हावेत इतके त्यांत नक्कीच होते. परंतु ही माहिती एकत्र ठेवून तिचा अर्थ लावणे हे कोणाचे कर्तव्य, हे ठरलेले नव्हते. रुग्णालयाला वाटे ते संघटनेचे काम, संघटनेला वाटे ते शासनाचे, आणि शासन ते डॉक्टरांच्या व्यावसायिक विवेकावर सोपवून मोकळे होते.

यानंतर ब्रिटनमध्ये हृदयोपचारांच्या नोंदींना वेगळे वजन आले. प्रौढांच्या हृदयशस्त्रक्रियांची ऐच्छिक नोंदवही तेथे १९७७ पासून होतीच. तिला रुग्णनिहाय तपशिलाची जोड मिळाली. हृदयविकाराच्या झटक्यासाठी ‘मिनॅप’ या नावाने ओळखला जाणारा राष्ट्रीय प्रकल्प २००० च्या सुमारास सुरू झाला आणि काही वर्षांत इंग्लंड व वेल्समधील सर्व संबंधित रुग्णालये त्यात आली. त्याचा आरंभीचा मुख्य प्रश्न अगदी साधा होता. रुग्ण दारात आल्यापासून किती मिनिटांत त्याला गुठळी विरघळवणारे औषध टोचले गेले? हा प्रश्न नियमितपणे विचारला जाऊ लागला, उत्तरे शेजारच्या रुग्णालयाशेजारी छापली जाऊ लागली, आणि वेळेत औषध मिळणाऱ्यांचे प्रमाण लक्षणीय वाढले. नवी औषधे वा नवी यंत्रे हे त्यामागचे मुख्य कारण नव्हते. औषध अतिदक्षता विभागात देण्याऐवजी अपघात विभागातच देणे, तज्ज्ञ येईपर्यंत न थांबणे, असे घरगुती वाटावेत इतके लहान बदल त्यामागे होते.

राष्ट्रीय नोंदींचा आणखी एक उपयोग २०१४ मध्ये दिसला. स्वीडन व ब्रिटन या दोन देशांतील २००४ ते २०१० या काळातील झटक्याच्या रुग्णांची तुलना ‘द लॅन्सेट’ने प्रसिद्ध केली. तीस दिवसांतील मृत्यूचे प्रमाण स्वीडनमध्ये ७.६ टक्के, तर ब्रिटनमध्ये १०.५ टक्के होते. थेट अँजिओप्लास्टी स्वीडनमध्ये ५९ टक्के रुग्णांना मिळाली, ब्रिटनमध्ये २२ टक्क्यांना. ब्रिटनमधील रुग्णांना स्वीडनसारखी सेवा मिळती तर त्या काळात अकरा हजारांहून अधिक मृत्यू टळले असते, असा अंदाज त्यात मांडला होता. स्वतःच्या देशाविषयी असे वाक्य लिहिता येण्यासाठी आधी स्वतःचे मृत्यू नीट मोजलेले असावे लागतात.

तुलना न्याय्य कशी व्हावी?

येथे एक आक्षेप हटकून येतो, आणि तो योग्यच आहे. ज्या रुग्णालयाकडे अत्यवस्थ रुग्ण येतात तेथे मृत्यू अधिक होणारच. मग नुसत्या टक्केवारीवरून गुणवत्ता कशी ठरवावी?

प्राध्यापकांना हा आक्षेप समजावून सांगावा लागत नाही. बारावीला नव्वद टक्के मिळवलेल्यांनाच प्रवेश देणाऱ्या महाविद्यालयाचा पदवीचा निकाल उत्तम लागतो. तालुक्याच्या महाविद्यालयात पहिल्या पिढीची मुले येतात, त्याचा निकाल खालावलेला दिसतो. अध्यापन कोठे अधिक चांगले झाले हे त्यावरून कळत नाही. त्यासाठी आत येतानाची पातळी धरून बाहेर पडतानाची पातळी पाहावी लागते.

एक काल्पनिक उदाहरण घेऊ. ‘क’ रुग्णालयात ९०० साधारण व १०० गंभीर रुग्ण आले. अनुक्रमे १८ व ३० दगावले. ‘ख’ रुग्णालयात ४०० साधारण व ६०० गंभीर रुग्ण आले. अनुक्रमे ४ व १२० दगावले. एकूण मृत्युप्रमाण ‘क’मध्ये ४.८ टक्के आणि ‘ख’मध्ये १२.४ टक्के. वर्तमानपत्राचा मथळा ‘ख’च्या विरोधात जाणार हे उघड आहे. प्रत्यक्षात साधारण रुग्णांचे मृत्युप्रमाण ‘क’मध्ये २ तर ‘ख’मध्ये १ टक्का, आणि गंभीर रुग्णांचे ‘क’मध्ये ३० तर ‘ख’मध्ये २० टक्के आहे. दोन्ही गटांत ‘ख’ सरस आहे. मराठवाड्याच्या संदर्भात ‘ख’च्या जागी कोण उभे राहील हे सांगायला नको. येथील शासकीय वैद्यकीय महाविद्यालय व रुग्णालय, म्हणजे सर्वांच्या बोलण्यातील ‘घाटी’, १९५६ पासून या विभागाचा आधार आहे. अन्यत्र उपाय थकलेले रुग्ण शेजारच्या जिल्ह्यांतूनही अखेर तेथेच आणले जातात. न्याय्य मोजणी झाली नाही तर सर्वांत अवघड काम करणारी संस्थाच सर्वांत वाईट ठरेल.

यावरील उपाय म्हणजे जोखीम-समायोजन. वय, मधुमेह, मूत्रपिंडाची स्थिती, हृदयाची पंपिंगची क्षमता, रुग्ण आणला तेव्हाचा रक्तदाब अशा घटकांवरून अपेक्षित मृत्यूंची संख्या काढायची आणि प्रत्यक्ष संख्येची तिच्याशी तुलना करायची. हृदयशस्त्रक्रियांसाठी १९९९ मध्ये तयार झालेले ‘युरोस्कोअर’ हे असेच एक गणित असून त्याची सुधारित आवृत्ती २०१२ मध्ये आली. मात्र ते युरोपीय रुग्णांवर बेतलेले आहे. दक्षिण आशियाई लोकांना पहिला झटका बराच आधी येतो. २००७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका आंतरराष्ट्रीय अभ्यासात सरासरी वय आपल्याकडे ५३, तर अन्यत्र ५८.८ वर्षे आढळले. संधिवाताच्या तापाने खराब झालेल्या झडपांचे रुग्णही आपल्याकडे अधिक. दुसऱ्याच्या मापाचा सदरा जसाच्या तसा अंगाला बसणार नाही. आपल्या नोंदी असल्याखेरीज आपले गणितही तयार होणार नाही.

दुसरा प्रश्न योगायोगाचा. खरे मृत्युप्रमाण ४ टक्के असलेल्या चांगल्या विभागात १०० शस्त्रक्रियांमागे एखाद्या वर्षी एक मृत्यू होईल, एखाद्या वर्षी आठ. दोन्ही निव्वळ योगायोगाने संभवतात. हजार शस्त्रक्रियांत ही कक्षा साधारण २८ ते ५२ इतकी, म्हणजे प्रमाणाच्या दृष्टीने बरीच अरुंद होते. म्हणून लहान केंद्रांची वर्षावर्षाची क्रमवारी लावणे हा संख्याशास्त्राचा अपमान आहे. क्रमवारीऐवजी अपेक्षित कक्षेच्या बाहेर कोण पडते एवढेच पाहावे, आणि बाहेर पडलेल्यास आधी शांतपणे विचारावे.

न्यूयॉर्क राज्याचा अनुभव येथे उद्बोधक आहे. तेथे १९८९ पासून बायपास शस्त्रक्रियांच्या नोंदी जमवून त्या प्रसिद्ध होऊ लागल्या, आणि १९९१ मध्ये एका वृत्तपत्राने न्यायालयात जाऊन शल्यचिकित्सकनिहाय आकडे मिळवले. १९८९ ते १९९२ या काळात जोखीम-समायोजित मृत्युप्रमाण ४.१७ वरून २.४५ टक्क्यांवर आले. हे यश होते. पण त्याच काळात, १९८९ मध्ये ज्यांना फुप्फुसांचा जुनाट विकार आहे असे रुग्ण ६.९ टक्के नोंदले गेले होते, ते १९९१ मध्ये १७.४ टक्के झाले. न्यूयॉर्कवासीयांची फुप्फुसे दोन वर्षांत इतकी बिघडली नव्हती. रुग्ण कागदावर अधिक गंभीर दाखवला की अपेक्षित मृत्यू वाढतात, हे नोंद करणाऱ्यांस उमगले होते. अत्यवस्थ रुग्ण अन्य राज्यांत पाठवले जातात अशी टीकाही झाली. नॅकच्या फायलींचा उल्लेख मी उगीच केला नव्हता.

भारतातील पुरावा

आपल्याकडे याविषयी काहीच काम झालेले नाही असे मात्र नाही. ‘क्रिएट’ या नावाच्या नोंदवहीत ५० शहरांतील ८९ रुग्णालयांमधून झटक्याच्या व तत्सम तीव्र हृदयविकाराच्या सुमारे २१ हजार रुग्णांची नोंद झाली आणि तिचे निष्कर्ष २००८ मध्ये डॉ. डेनिस झेवियर व सहकाऱ्यांनी ‘द लॅन्सेट’मध्ये मांडले. धमनी पूर्णपणे बंद पडून येणारा मोठा झटका, ज्याला डॉक्टर ‘स्टेमी’ म्हणतात, तो झालेल्यांसह सर्व रुग्णांना रुग्णालयात पोहोचायला लागलेला मध्यक वेळ ३६० मिनिटे होता. सहा तास. हृदयाचा स्नायू वाचवण्याची सर्वांत मोलाची वेळ त्यांतच निघून जाते.

परंतु या अभ्यासातील अधिक अस्वस्थ करणारे आकडे पुढचे आहेत. तीस दिवसांतील मृत्यू श्रीमंत रुग्णांत ५.५ टक्के होते, तर गरिबांत ८.२ टक्के. आपण सहज म्हणू, गरीब उशिरा येतो, तब्येत आधीच खालावलेली असते. संशोधकांनी गणित मांडून पाहिले. मिळालेल्या उपचारांतील तफावत हिशेबात घेतली, तेव्हा मृत्यूंतील तफावत उरली नाही. अँजिओप्लास्टी श्रीमंतांपैकी १५.३ टक्क्यांना, गरिबांपैकी २ टक्क्यांना मिळाली होती. ते पैशाचे कारण समजू शकते. पण कोलेस्टेरॉल कमी करणाऱ्या गोळ्या श्रीमंतांपैकी ६१.२ टक्क्यांना आणि गरिबांपैकी केवळ ३६ टक्क्यांना मिळाव्यात, याचा खुलासा केवळ पैशाने होत नाही. या गोळ्यांना शस्त्रक्रियागृह लागत नाही. त्या लिहून द्याव्या लागतात. ही तफावत मोजली गेली नसती तर ते मृत्यू उशिराच्या, अज्ञानाच्या किंवा नशिबाच्या खात्यावर जमा झाले असते.

केरळमध्ये २००७ ते २००९ या काळात १२५ रुग्णालयांतील पंचवीस हजारांहून अधिक रुग्णांची नोंदवही तयार झाली. पुढे तेथेच ६३ रुग्णालयांत लेखापरीक्षणाचे अहवाल, तपासणी-याद्या आणि रुग्णशिक्षण यांचा संच वापरून एक मोठी चाचणी झाली. तिचे निष्कर्ष २०१८ मध्ये आले. तीस दिवसांतील मृत्यू व अन्य गंभीर घटनांचे प्रमाण ६.४ वरून ५.३ टक्के झाले. तथापि काळानुसार आपोआप होणारी सुधारणा व रुग्णालयांतील फरक वजा केल्यावर या संचाचा स्वतंत्र परिणाम संख्याशास्त्रीय दृष्ट्या सिद्ध झाला नाही. लेखापरीक्षणाचा पुरस्कार करणाऱ्याने हा निष्कर्ष लपवू नये. जेथे सेवा आधीच बऱ्यापैकी आहे आणि रुग्ण वेळेत पोहोचतो, तेथे अहवालाने फार काही हलत नाही, असा त्याचा एक अर्थ मला दिसतो.

तामिळनाडूतील अनुभव याच्याशी ताडून पाहावा. तेथे लहान रुग्णालये मोठ्या हृदयरुग्णालयांशी जोडून, रुग्णवाहिका, ईसीजीचे प्रेषण व राज्याची विमा योजना एका सूत्रात आणली गेली. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या २,४२० रुग्णांच्या अभ्यासात एका वर्षातील मृत्युप्रमाण १७.६ वरून १४.२ टक्क्यांवर आले. येथे मोजणी एकटी नव्हती. तिच्यासोबत व्यवस्थाही बदलली होती. आणि वर्षभर रुग्णांचा माग ठेवला गेला म्हणूनच हा बदल दिसू शकला.

महाराष्ट्राकडे काय आहे?

महाराष्ट्राची स्थिती ब्रिस्टलसारखी आहे, असे म्हणण्याचे धाडस करतो. मृत्यूंच्या बाबतीत नव्हे, तर माहितीच्या बाबतीत. योजनेच्या संगणकीय यंत्रणेत राज्यातील हृदयोपचारांचा प्रचंड साठा आहे. प्रत्येक अंगीकृत रुग्णालयात आरोग्यमित्र आहेत. योजनेच्या आरंभीच्या ९७१ उपचारांसोबत उपचारोत्तर पाठपुराव्याची १२१ पॅकेजेस होती, म्हणजे रुग्णाकडे पुन्हा वळून पाहण्याची कल्पना योजनेच्या रचनेत मुळातच होती. १०८ क्रमांकाची रुग्णवाहिका सेवा २०१४ पासून ९३७ वाहनांसह चालू झाली. तिच्याकडे फोन आल्याची व रुग्ण उतरवल्याची वेळ असते. अलीकडच्या वर्षांत काही जिल्ह्यांत ग्रामीण रुग्णालयांतून ईसीजी दूरच्या तज्ज्ञांकडे पाठवण्याचा ‘स्टेमी’ प्रकल्पही राज्याने हाती घेतला. नोंदींची ही चार-पाच तळी आहेत. त्यांना जोडणारा पाट नाही.

आपल्या सार्वजनिक चर्चेचा कलही पाहण्याजोगा आहे. फेब्रुवारी २०१७ मध्ये राष्ट्रीय औषध किंमत प्राधिकरणाने स्टेंटच्या किमतीवर मर्यादा घातली. साधा स्टेंट ७,२६० रुपये आणि औषधलेपित २९,६०० रुपये. महिनोन्महिने त्यावर लिहिले गेले, आणि लिहिले जावे असाच तो निर्णय होता. परंतु स्टेंट योग्य रुग्णाला बसला काय, तो वेळेत बसला काय, वर्षानंतर रुग्ण औषधे घेतो काय, या प्रश्नांवर त्या गदारोळात क्वचितच कोणी बोलले. किंमत मोजता येते, म्हणून आपण किमतीविषयी बोलतो.

मोजणीतील सर्वांत मोठी अडचण मृत्यूच्या नोंदीची आहे. रुग्णालयातील मृत्यूंचा आकडा आपल्याकडे फसवा ठरतो, कारण आशा संपली की नातेवाईक रुग्णाला घरी नेतात. कागदावर ‘वैद्यकीय सल्ल्याविरुद्ध घरी नेले’ असा शेरा पडतो आणि मृत्यू गावच्या दप्तरात जातो. असे रुग्ण वगळून काढलेले मृत्युप्रमाण कोणत्याही रुग्णालयाचे चांगलेच दिसेल. म्हणून घरी सोडतानाची नव्हे, तिसाव्या दिवसाची स्थिती नोंदली पाहिजे.

येथे एक दिलासा आहे. २०२० मध्ये देशातील नोंदणीकृत मृत्यूंपैकी केवळ २२.५ टक्के मृत्यूंचे कारण वैद्यकीय दृष्ट्या प्रमाणित झालेले होते. ही बाब निराशाजनक खरी. परंतु तीस दिवसांचे मृत्युप्रमाण काढण्यास मृत्यूचे कारण लागतच नाही. मृत्यू झाला एवढी नोंद आणि तारीख पुरते. ग्रामपंचायतीच्या दप्तरात ती असते. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यातील २०२३ च्या दुरुस्तीने मृत्यूंच्या राष्ट्रीय माहितीसंचाची तरतूद केली आहे. योजनेच्या नोंदी त्याच्याशी जोडणे आता तांत्रिक दृष्ट्या दुष्कर राहिलेले नाही. मात्र ही जोडणी व्यक्तीची ओळख झाकून, वैयक्तिक माहिती संरक्षणाच्या २०२३ च्याच कायद्याच्या चौकटीत आणि विमा-दाव्यांपासून वेगळ्या हातांत व्हायला हवी. जो पैसे अडवू शकतो त्यालाच मृत्यू कळवायचे असतील, तर न्यूयॉर्कमध्ये फुप्फुसांचे जे झाले ते येथे हृदयाचे होईल.

चिकाटीने नोंद ठेवणे आपल्या मातीत जमत नाही, हा समज खोडून काढायला फार लांब जाण्याची गरज नाही. मुंबईतील कर्करोग नोंदणी १९६३ पासून चालू आहे. सोलापूर जिल्ह्यातील बार्शी येथे १९८७ मध्ये देशातील पहिली ग्रामीण कर्करोग नोंदणी सुरू झाली. तेथील कार्यकर्त्यांनी गावोगाव फिरून, लोकांशी बोलून रुग्ण शोधले. ती मराठवाड्याच्या वेशीवर झाली. कर्करोगासाठी जे बार्शीला साधले ते हृदयासाठी साधू नये, याचे कारण तंत्रात शोधून सापडणार नाही.

प्रारंभ कोठून करावा?

पहिल्याच दिवशी डॉक्टरांची नावे आणि मृत्यूंचे आकडे प्रसिद्ध करण्याच्या मी विरोधात आहे. ब्रिटनमध्ये शल्यचिकित्सकनिहाय आकडे २००५-०६ च्या सुमारास जनतेसमोर आले, तेव्हा नोंदवहीला जवळपास तीस वर्षे झाली होती. आपल्याकडे डॉक्टरांवर हल्ले होत असताना अर्धवट समायोजित आकडा चौकात टांगणे म्हणजे अत्यवस्थ रुग्णाला दारातूनच परत पाठवण्यास निमंत्रण देणे होय. आरंभी वेळा व औषधे मोजावीत. त्यांत लपवण्यासारखे कमी आणि सुधारण्यासारखे पुष्कळ असते. अजिंठ्याच्या डोंगरापलीकडील सोयगावच्या रुग्णाची वेळ आणि शहरातील सिडकोच्या रुग्णाची वेळ वेगवेगळी छापली, तर रुग्णवाहिका कोठे उभी करावी आणि गुठळी विरघळवणारे औषध कोणत्या ग्रामीण रुग्णालयात कायम ठेवावे, हे आरोग्य विभागाला निराळे सांगावे लागणार नाही.

एका जिल्ह्यापुरता प्रयोग करायचा तर प्रत्येक झटक्याच्या रुग्णामागे पाच नोंदी पुरेशा आहेत : कळ सुरू झाल्याची वेळ, पहिल्या ईसीजीची वेळ, धमनी उघडण्याचा उपचार सुरू झाल्याची वेळ, घरी जाताना लिहून दिलेली औषधे, आणि तिसाव्या दिवशीची स्थिती. पहिली नोंद रुग्णाला विचारून मिळते. पुढच्या तीन रुग्णालयातील केसपेपरवर, विखुरलेल्या का होईना, असतातच. त्यांचे विश्लेषण करण्यासाठी विद्यापीठाचा आणि महाविद्यालयांचा संख्याशास्त्र विभाग, वैद्यकीय महाविद्यालयाचा जनऔषधवैद्यकशास्त्र विभाग आणि नाशिकचे महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठ यांनी एकत्र येण्यास कोणताही नवा कायदा आड येत नाही. पदव्युत्तर विद्यार्थ्यांच्या प्रकल्पांसाठी आपण दरवर्षी विषय शोधत असतो.

उरते पाचवी नोंद. रुग्णाचा भ्रमणध्वनी क्रमांक योजनेच्या अर्जात लिहिलेला असतो, आणि तो अर्ज भरून घेणारा आरोग्यमित्र रुग्णालयाच्या प्रवेशद्वाराशीच बसलेला असतो. तिसाव्या दिवशी त्याने एक फोन करायचा आहे. फोन उचलणारा स्वतः रुग्ण असेल, किंवा घरातील दुसरे कोणी असेल. दोन्ही उत्तरे लिहून घ्यायची आहेत.